येते

आमच्याकडे घरातून निघताना कुणी 'जाते' म्हणत नाही, 'येते' म्हणतात. भावाने आणून बसवलेल्या त्या बोलक्या डबीला हे कुठून कळणार? स्मार्ट म्हणे. आई संध्याकाळी देवळात निघताना 'येते रे' म्हणाली, की कुणीतरी घरी आलं असं समजून ती दिवे, पंखे, सगळं सुरू करते.

भाऊ म्हणाला, "आई, तू सरळ 'जाते' म्हणत जा. तिला तेच कळतं."

डबी उचलून आपटावी असं मला वाटलं. आईने मात्र गुपचूप मान डोलावली.

काल चपला घालून ती दारात थांबली आणि हळूच म्हणाली, "जाते."

घरातला एकूण एक दिवा विझला.

"आई, 'येते' म्हण," मी अंधारातून ओरडलो.