कानात सांगितलेलं नाव

सासऱ्यांचं नाव मी कधी तोंडाने घेत नसे, आणि इथेही लिहिणार नाही. लग्नाआधी आईने बजावलं होतं, ते शिकागोच्या विमानात बसल्यावरही डोक्यातून उतरलं नाही. अमेरिकेत मी पँट घालायला लागले, बर्फात गाडी चालवायला शिकले, मैत्रिणींबरोबर पार्टीत नाचलेसुद्धा. पण कुणी सासऱ्यांचं नाव विचारलं की मी आपली नवऱ्याकडे बघायची.

ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला आम्ही शिकागोजवळ शॉमबर्गमध्ये घर घेतलं. कुंपणापलीकडे एक ग्रीक कुटुंब राहायचं. मुलगा आणि सून डायनर, म्हणजे छोटंसं हॉटेल, चालवायचे, घर म्हातारीच्या ताब्यात. नवरा गेल्यापासून ती काळ्या कपड्यांशिवाय दिसली नाही. तिला तीन मुलगे, आणि तिघांच्याही थोरल्या पोराचं नाव एकच. रविवारी चर्चहून सगळे जमले की ती अंगणात हाक मारायची आणि तिघांपैकी दोघे धावत यायचे. ज्याला रागवायचं असायचं तोच नेमका यायचा नाही.

"तुमच्याकडे नावांची टंचाई आहे का?" मी एकदा तिला चिडवलं.

"थोरल्या नातवाला आजोबाचं नाव," ती तिच्या मोडक्या इंग्रजीत म्हणाली. "दुसऱ्या कुणाचं ठेवणार?"

मला तेव्हा दिवस गेले होते. बाळंतपणाला म्हणून मामंजी नागपूरहून आले. सासूबाई आधीच गेलेल्या, त्यामुळे ते एकटेच. शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेला माणूस. जन्मभर वर्गात ग्रीक शिकवले, पण जिवंत ग्रीक माणूस पहिल्यांदाच बघायला मिळणार म्हणून कोट घालून शेजारी भेटायला निघाले. मीही गेले. म्हातारी हिरवळीत बसून, अमेरिकन लोक औषध मारून मारतात ती पिवळ्या फुलांची रानभाजी खुडत होती.

मामंजींनी सरळ वर्गातलाच प्रश्न टाकला. ती प्राचीन देवळं बांधणारे ग्रीक आणि तुम्ही, एकच लोक का? मधे रोमन येऊन गेले, तुर्क कित्येक पिढ्या राज्य करत होते. मग तुम्ही तेच कसे उरलात?

तिच्या मुलाने तिला ग्रीकमध्ये समजावलं. ती भाजी खुडतच राहिली.

"ती देवळं मी बघितली नाहीत," ती म्हणाली. "आमचं गाव डोंगरात. तुर्क होते तेव्हा आम्ही नातवाला आजोबाचं नाव ठेवत होतो. तुर्क गेले, तेव्हाही ठेवलं. लढाईत गाव जळलं, इथे आलो, इथेही ठेवलं. माझा नवरा मेला. पण मी रोज त्याच्या नावाने ओरडते आणि कुणीतरी ओ देतं."

घरी जेवताना मामंजी म्हणाले, "इतकी वर्षं पोरांकडून सनावळ्या घोकून घेतल्या मी. हे सांगायचं राहूनच गेलं."

काही मागायचा त्यांचा स्वभावच नव्हता. पण त्यांच्या मनात काय आलं ते मला कळलं, नवऱ्यालाही कळलं. थोरल्या नातवाला आजोबांचं नाव ठेवायची रीत आमच्याही घराण्यात होती. ती जुनाट ठरवली ती आम्हीच.

"मी हाक कशी मारणार?" मी गाडीत नवऱ्याला म्हटलं. "तुमच्या वडिलांच्या नावाने 'गधड्या, दूध पी' म्हणू?"

"ते तर आहेच," तो म्हणाला. "शिवाय ऑफिसात माझ्या नावाची रोज वाट लागते. पोराचं तरी सिम्पल ठेवू, यार."

आदराचं निमित्त आयतंच सापडलं होतं. खरं सांगायचं तर मला ते नाव आवडतच नव्हतं. चार अक्षरी, पितळी घंगाळासारखं जड. मुलगा झाला, तेव्हा बालवाडीत पोरं त्या नावाचं काय करतील या धास्तीने मीच दोन अक्षरांचं, कुणालाही जमेल असं नाव निवडलं. मामंजी म्हणाले, "छान आहे. सुटसुटीत." आणि चष्मा पुसत बसले.

बारशाला नणंद नागपूरहून येऊ शकली नाही. बाळाच्या कानात नाव सांगायला आत्याच नाही. मामंजी म्हणाले, "शेजारच्या आजींना सांगू द्या. त्या आत्याच्या जागी."

आमच्यातल्या एक काकू कुजबुजल्या, "बारशाला काळे कपडे?" पण मामंजींनी ऐकलं नाही. बायकांनी कुर्रर्र केलं, म्हातारी पाळण्यात वाकली, कानाशी काहीतरी पुटपुटली, नजर लागू नये म्हणून तीनदा थुंकल्यासारखं केलं. सगळे हसले.

थंडी पडायच्या आत मामंजी परत गेले. विमानतळावर त्यांनी सहज विचारल्यासारखं विचारलं, "आजींनी कानात काय सांगितलं असेल गं?"

"ठरलेलंच की, मामंजी," मी म्हटलं.

"हो, बरोबर आहे," ते म्हणाले आणि बॅग उचलली.

पुढच्या वसंतात मी बाळाला उन्हात ठेवलं होतं. कुंपणावरून म्हातारीने त्याला हाक मारली, मामंजींच्या नावाने. ते चार अक्षरी नाव, अगदी स्पष्ट. हे त्याचं नाव नाही, मी जरा तोडूनच सांगितलं.

"मी त्याच्या आजोबांना विचारून घेतलं होतं त्यांचं नाव," ती म्हणाली. "कानात तेच सांगितलं. त्याला माहीत आहे."

ती कायम त्याच नावाने हाक मारत राहिली. मी पुन्हा अडवलं नाही. दर महिन्याला नागपूरला फोन व्हायचा, आणि दर वेळी मी ठरवायची की आज मामंजींना सांगायचं. पण त्यांचं नाव त्यांच्यासमोर घेणार कसं? ‘तुमचंच नाव’ एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. पण मग आम्ही ठेवलं नाही आणि परक्या बाईने ठेवलं, हेही त्यातच आलं असतं. म्हणून मी बाळाचे दात, बाळाचं वजन सांगत राहिले. मामंजी पलीकडून "छान, छान" म्हणायचे.

मुलगा तीन वर्षांचा असताना मामंजी झोपेतच गेले. नवरा मिळेल त्या विमानाने निघाला. मी म्हातारीला सांगायला कुंपणाशी गेले आणि रडताना सगळंच बोलून गेले. त्यांनी विमानतळावर विचारलं होतं, आणि कळल्यावरही मी सांगितलं नाही. माझ्यामुळे ते न कळताच गेले.

तिने माझी समजूत घातली नाही. मुलगा तिच्या अंगणात तिच्या नातवंडांबरोबर मातीत खेळत होता. तिने हनुवटीने त्याच्याकडे खूण केली.

"आता तू बोलाव," ती म्हणाली.

मी डोळे मिटून सासऱ्यांचं नाव घेतलं, जन्मात पहिल्यांदा, तेही अंगणात उभं राहून, एकेरीत.

"व्हॉट, आई?" मुलगा मातीचे हात घेऊन धावत आला, जणू मी रोजच त्याला तशी हाक मारत होते.