गिटार तेव्हा पिशवीत होती

रेल्वेत असलेल्या वडिलांची चेन्नईला बदली झाली तेव्हा मी नववीत होते. पेरांबूरच्या कॉलनीत आमच्या शेजारी एक निवृत्त अँग्लो-इंडियन ड्रायव्हर राहायचे. त्यांच्याकडे रॉकच्या कॅसेटींची खोकी भरलेली होती. आईला तो आवाज सोसत नसे, म्हणून मी त्यांच्या व्हरांड्यात बसून ऐकायचे. कॉलेजात असताना एका इंग्रजी दैनिकाच्या पुरवणीत परीक्षणं लिहायला लागले. दोन हजार साल उलटून दोनेक वर्षं झाली असतील, तेव्हा नुंगंबाक्कममधल्या एका छोट्या रॉक मासिकाची मी संपादक झाले. दोन खोल्या, तीन माणसं आणि एक कुरकुरणारा एसी. मालकांचा स्वतःचा छापखाना होता, म्हणूनच मासिक निघत होतं.

आमचा निम्मा मजकूर कॉलेजांच्या महोत्सवांतून यायचा. शहरातल्या बऱ्याच कॉलेजांना स्पीकर, माइक आणि जनरेटर एकच कंपनी पुरवायची. तिची जाहिरात दर महिन्याला आमच्या मलपृष्ठावर असायची. यात काही गैर आहे असं मला कधी वाटलं नाही.

त्या वर्षी एका इंजिनियरिंग कॉलेजच्या मैदानावर संध्याकाळी कार्यक्रम होता. मी दुपारीच गेले होते, कारण बँडची मंडळी तयारी करताना जशी बोलतात तशी नंतर बोलत नाहीत. त्या दिवशीचा एक गायक बावीस-तेवीस वर्षांचा होता. अनवाणी गायची त्याची सवय होती. धूळ बसावी म्हणून मैदानावर पाणी मारलं होतं आणि स्टेजवरची चटईही भिजली होती. तो माइकपाशी गेला, चटकन मागे झाला आणि म्हणाला, माइक चावतोय. सगळे हसले. मीही हसले. थोड्या वेळाने त्याने पुन्हा सांगितलं, मग तिसऱ्यांदा. त्याच कंपनीच्या साउंडवाल्याने एक प्लग काढून दुसरीकडे लावला आणि आता ठीक आहे म्हणाला. मी वहीत सगळं टिपून घेतलं. लेखाची सुरुवात छान होईल असं वाटलं होतं.

संध्याकाळी दुसऱ्या गाण्यात त्याचे ओठ माइकला लागले आणि तो ताठ झाला. लोकांना वाटलं, हा गाण्याचाच भाग आहे. कोणीतरी जनरेटर बंद करेपर्यंत बराच वेळ गेला. इस्पितळात नेलं, पण तो वाटेतच गेला होता.

मी रात्रभर बसून लेख लिहिला. त्यात एक वाक्य होतं, की दुपारी माइकचा झटका बसत असल्याचं त्याने तीनदा सांगितलं होतं. मालकांनी प्रूफ वाचलं आणि मला खोलीत बोलावलं. ते कधी आवाज चढवत नसत. पोलिसांचा तपास चालू आहे, आपण मध्ये पडणं बरं नाही, असं ते म्हणाले. मग चष्मा काढून म्हणाले, "आपण संगीतावर लिहितो. वायरिंगवर नाही."

मी वाक्य काढलं. त्या जागी ‘तांत्रिक बिघाडामुळे’ असे दोन शब्द घातले. जाहिरातीपायी मालकांनी मला तसं करायला लावलं, असं मी पुढे बरेच दिवस स्वतःला सांगत राहिले. ते अर्धंच खरं होतं. त्या वाक्याखाली मी हसले होते हेही दडलेलं होतं, आणि ते निघून गेल्यावर मला हलकं वाटलं होतं.

अंक निघाल्यावर काही दिवसांनी एका शनिवारी त्या मुलाचे वडील ऑफिसात आले. पन्नाशी ओलांडलेले, कपाळावर विभूती, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत आमचा अंक. गुम्मिडिपूंडीच्या एका कारखान्यात इलेक्ट्रिकल फोरमन असल्याचं त्यांनी इंग्रजीत सांगितलं. ‘तांत्रिक बिघाड’ या शब्दांवर बोट ठेवून बिघाड नेमका कोणता, असं विचारलं. मी मला माहीत नाही असं म्हणत होते तेवढ्यात आईचा फोन आला. "नंतर करते गं, कुणीतरी आलंय," एवढंच बोलून मी ठेवला.

ते माझ्याकडे बघत राहिले. मग मराठीत म्हणाले, "तुम्ही आमच्यातल्या काय?"

त्यांचं घराणं तंजावरचं. पिढ्यान्‌पिढ्या तिकडे राहिलेल्यांची जुनी मराठी, तिला तमिळचा हेल. माझ्या पणजीच्या तोंडी शोभले असते असे शब्द ते बोलत होते. मी त्यांना काका म्हटलं. पाणी दिलं.

"अम्मा, तुम्ही तेथे होतां काय दुपारी?"

"नाही," मी म्हटलं. "संध्याकाळीच गेले होते."

आपल्या भाषेत खोटं बोलणं जड जाईल असं वाटलं होतं. तसं काही झालं नाही. गिटारमध्ये काही दोष असल्याचं कोणी म्हणालं का, असं त्यांनी विचारलं. तेही माहीत नाही म्हटलं, आणि ते तेवढं खरं होतं. अपघाताच्या दुसऱ्या दिवशी सकाळी टेस्टर घेऊन आपण मैदानावर गेलो होतो, असं त्यांनी सांगितलं. तिथे काही उरलं नव्हतं, सामान पहाटेच ट्रकमधून गेलं होतं. एका चिठ्ठीवर त्यांनी कारखान्याचा फोन लिहून दिला आणि जिना उतरून गेले.

त्यानंतर दोन महिने मी नेहमीसारखी कामाला जात होते. परीक्षणं लिहीत होते, इतरांची परीक्षणं तपासत होते. मग दुसऱ्या एका कॉलेजात त्याच कंपनीचं सामान लागलेलं पाहिलं. माइकच्या दांड्यापाशी रबरी चपलांचा एक नवा कोरा जोड ठेवला होता. मी साउंडवाल्याला विचारलं. हल्ली गाणाऱ्याला चपला घालायला लावतो, असं तो सहज म्हणाला आणि केबल गुंडाळायला लागला.

म्हणजे त्यांना कारण माहीत होतं. दोष दुरुस्त करण्यापेक्षा चपला ठेवणं सोपं होतं. मी त्या दिवशी कार्यक्रमाला थांबले नाही.

दोन दिवसांनी वही घेऊन गुम्मिडिपूंडीला गेले. काका कारखान्याच्या फाटकाबाहेरच्या चहाच्या टपरीवर आले. मी आधी खोटं बोलले होते हे सांगितलं आणि वहीचं पान पुढे केलं. माझं अक्षर त्यांना लागेना, म्हणून मीच वाचून दाखवलं. तारीख, जागा, भिजलेली चटई, माइक चावतोय हे तीनदा.

त्यांनी ऐकून घेतलं. मग त्यांनी एकच गोष्ट विचारली. "तेव्हा गिटार हातात होती काय?"

मला आठवेना. वहीतच सापडलं. गिटार अजून पिशवीत, नुसताच आवाज तपासतोय, असं मी लिहिलं होतं. का लिहिलं होतं कोण जाणे.

काकांनी चहाचा ग्लास खाली ठेवला. मग तुटक तुटक त्यांनी सांगितलं. कार्यक्रमाच्या आठवडाभर आधी मुलाच्या गिटारची आतली वायर सुटली होती, ती त्यांनीच घरी कथिलाचा डाग देऊन जोडली होती. कंपनीच्या माणसांनी पोलिसांना गिटारमध्येच दोष होता असं सांगितलं. तीस वर्षं हेच काम करणाऱ्या माणसाला आपल्या हाताचा डाग बरोबर होता की नव्हता हे आठवेना. गिटार पोलिसांकडे, उघडून बघायची सोय नाही. बायकोला त्यांनी स्वतःच सांगून टाकलं होतं, की चूक माझी. पण गिटार पिशवीत असतानाच माइक चावत होता, तर दोष गिटारचा नव्हता.

"घरी फ्रिजलाही अनवाणी हात लावूं देत नसे मी त्याला," ते म्हणाले.

मग त्यांनी विचारलं, हे माझ्या घरी येऊन सांगाल का. मी हो म्हटलं.

पुढच्या रविवारी मैलापूरला देवळाच्या तळ्यामागच्या गल्लीत त्यांच्या घरी गेले. काकूंनी मला बसायला सांगितलं, कॉफी आणली. मी पुन्हा तेच पान वाचलं, गिटार पिशवीत होती ती ओळ दोनदा. काका दारापाशी उभे होते. काकूंनी त्यांच्याकडे पाहिलं आणि बराच वेळ पाहत राहिल्या. त्या दोघांमध्ये एवढ्या महिन्यांत काय बोललं गेलं होतं, काय नव्हतं, ते मला कळणं शक्य नव्हतं.

मग त्या माझ्याकडे वळल्या. "हें तुम्हांला केव्हांपासून ठाऊक होतं?"

"त्याच दिवसापासून," मी म्हटलं.

माझ्यासमोरचा कॉफीचा पेला, मी अर्धाच प्यायलेला, त्यांनी उचलला आणि आत निघून गेल्या. पुन्हा बाहेर आल्या नाहीत. काकांनी मला बसस्टॉपपर्यंत सोडलं. वही द्याल का, असं त्यांनी विचारलं आणि मी दिली.

मी पोलिसांकडे जबाब दिला. तपास अधिकाऱ्याने लिहून घेतला आणि विचारलं, इतके महिने कुठे होता. पुढच्या अंकात मी ते काढलेलं वाक्य आणि माझा खुलासा घातला होता. अंक छापून आला तेव्हा त्या पानावर एका कीबोर्डच्या दुकानाची जाहिरात होती. मी मालकांशी भांडले नाही. राजीनामा लिहून टेबलावर ठेवला. तो त्यांनी वाचला, आणि महिनाअखेरीपर्यंत थांबाल ना, एवढंच विचारलं.

अपघात म्हणून प्रकरण मिटलं. सामान नेण्याची घाई का केली, हे त्या कंपनीला कोणी विचारलं नाही. वर्षभरात मासिकही बंद पडलं, पण त्याचा याच्याशी संबंध नव्हता. लोक तोवर गाणी आणि गाण्यांबद्दलचं लिखाण दोन्ही इंटरनेटवरून घ्यायला लागले होते. मी एका पाठ्यपुस्तकांच्या प्रकाशनात प्रुफं तपासायला लागले.

काकांनी एकदा फोन केला होता. गिटार परत मिळाली होती, त्यांनी ती उघडून पाहिली होती. डाग पक्का होता.