दुसरी शेड उघडेपर्यंत सही नाही

कर्नल हमीद शिकलगार यांची आणि माझी ओळख रशियन भाषेच्या वर्गात झाली. मी शिकवत होते. ते तोफखान्यातून निवृत्त झालेले अधिकारी, खडकीच्या दारूगोळा कारखान्यातल्या कामगाराचे चिरंजीव. पहिल्याच दिवशी त्यांनी विचारले, "बाई, 'हे दार उघडा' हे समोरच्याचा अपमान न करता कसं म्हणायचं?"

प्रश्नाचा रोख पुढे कळला. परदेशातल्या दोन शेजारी राष्ट्रांनी सीमेवरच्या तोफा मागे आणून कापून टाकण्याचा करार केला होता. तो पाळला जातो का, हे पाहणाऱ्या आंतरराष्ट्रीय पथकात शिकलगार सरांची निवड झाली होती. दुभाषी म्हणून त्यांनी माझे नाव सुचवले.

तिथल्या एका लष्करी तळावर एका शेडमध्ये आम्हाला तोफांच्या कापलेल्या नळ्यांचा ढीग दाखवला गेला. यजमान ब्रिगेडियरांनी चहा मागवला आणि तोफा नष्ट झाल्याचा कागद सहीसाठी पुढे केला. सर मात्र ढिगाभोवती फिरत राहिले. शेवटी म्हणाले, या नळ्या आतून पार झिजलेल्या आहेत, म्हणजे जुन्या, बाद तोफांच्या आहेत. सीमेवरून मागे आणलेल्या तोफा कुठे आहेत? शेजारच्या शेडला कुलूप होते.

आमचे पथकप्रमुख घाबरले. फसवणूक झाल्याचे लिहिले तर दुसरा देश आपल्या तोफा पुन्हा सीमेवर आणेल, आत्ता सही करा, असे त्यांनी सरांना बाजूला घेऊन सांगितले. ती भीती खोटी नव्हती. सरांनाही ती वाटत असावी. हातातली टोपी ते सारखी फिरवत होते. मग ते ब्रिगेडियरांकडे वळले.

"आपण लबाड आहात असं मी म्हणत नाही. आत जे असेल ते लिहीन, आणि ते तसं का आहे हेही लिहीन. पण न पाहता सही करणार नाही."

मी ते शब्दाला शब्द भाषांतर करून सांगितले. ब्रिगेडियरांनी किल्ली मागवून शेड उघडायला लावली. तोफा आत होत्या, धडधाकट. कापायला लागणारा गॅस कित्येक महिने मिळाला नव्हता आणि वरिष्ठांना तसे कळवायची ब्रिगेडियरांची हिंमत झाली नव्हती. सरांनी दोन्ही गोष्टी अहवालात लिहिल्या. दुसऱ्या देशाने आदळआपट केली, पण मुदत वाढवून दिली. गॅस आला आणि तोफा आमच्यादेखत कापल्या गेल्या. ब्रिगेडियरांना मात्र पदावरून हटवण्यात आले. ते कळल्यावर सर कित्येक दिवस कोणाशी धड बोलले नाहीत.

त्याच दौऱ्यात पुण्यात माझी आई आजारी पडली. सरांच्या पत्नी नसीमाताई रोज वारज्याहून तिच्यासाठी जेवण घेऊन जात होत्या. सरांनीच त्यांना फोनवरून सांगितले होते, हे मला परतल्यावर आईकडून समजले. मी आभार मानायला गेले, तर सरांनी विषयच बदलला.

अलीकडे त्या करारातून एका देशाने अंग काढून घेतले. बातमी वाचून मी सरांकडे गेले. ते गॅलरीत येरझारा घालत होते. इतकी वर्षे तरी शांततेत गेली ना, असे मी म्हटले.

"अहो, तेवढ्यात तिथली मुलं शाळा शिकून मोठी झाली," ते म्हणाले. "आता त्यांनाच तोफेवर उभं करतील."



आज सर पंचाहत्तर वर्षांचे झाले. या पंचाहत्तरीत त्यांना स्वस्थता लाभो, असे मी मागणार नाही. ती त्यांना मानवायची नाही. त्यांचे गुडघे साथ देवोत, झोप शांत लागो. तसा करार पुन्हा कधी झाला, तर नव्या निरीक्षकांना खणखणीत आवाजात शिकवायला ते उभे असोत.