घरी सांगू नको

लातूरला क्लासला होते तेव्हा नोट्सची झेरॉक्स मी एकाच दुकानातून काढायची. दुकानदार पन्नाशीचे, आम्ही मुली त्यांना चाचा म्हणायचो. बोलणं तुटक, नजर कायम मशीनवर. तरी कुणाला ताप आलाय, कोण दोन दिवस दिसली नाही, हे त्यांना आमच्या घरमालकिणीच्या आधी कळायचं.

त्या वर्षी क्लासचे एक सर माझ्यावर फार खूश होते. आधी पेन दिला, मग मोबाइल. एकदा त्यांनी दिलेले पेपर झेरॉक्स करताना चाचांनी विचारलं, "हे तुला एकटीलाच?"

"हो. रविवारी त्यांच्या घरी शिकवणार आहेत."

"आनखी कोन येनार हाय?"

"कोणी नाही."

"घरी सांगू नको म्हनले का?"

मी मान हलवली. सर अगदी तसंच म्हणाले होते.

चाचांनी मशीन बंद केलं आणि सरळ माझ्याकडे पाहिलं. "बेटा, चांगली गोष्ट आईबापापासून लपवायला कोनी सांगत न्हाई. बाबांना फोन लाव. मी हितंच हाय."

मी रडत फोन केला. बाबा दुपारच्या एसटीनं निलंग्याहून आले. त्यांनी तक्रार दिल्यावर आणखी दोन मुली बोलल्या आणि सरांना पोलिसांनी नेलं.

मोबाइल मी घेतलाच का, हे मात्र मनातून जाईना. चाचांना तसं म्हटलं, तर ते म्हणाले, "तू लेकरू हायस. चूक देनाऱ्याची."

तोवर मला हे कुणीच सांगितलं नव्हतं, बाबांनीसुद्धा.