आधी चपला, मग बेल

लोकांना हसवून मी पंचवीस वर्षं पोट भरलं. मालिका, जाहिराती, नटनट्यांची लग्नं, नेत्यांच्या वाढदिवसाचे फ्लेक्स, समोर येईल त्याची टिंगल केली. त्यातलं बहुतेक आता कोणाला आठवत नाही, मलाही नाही. लोकांना आठवतो तो एकच माणूस, बोलण्याआधी रंगमंचावर चपला काढून नीट लावून ठेवणारा. तो माणूस म्हणजे माझे बाबा. त्यांना रंगमंचावर आणू का, हे त्यांना मी कधी विचारलं नव्हतं.

बाबा अकोल्याकडचे. तरुणपणी पुण्यात आले आणि चिंचवडच्या एका कारखान्यात लेथवर लागले. पुढे बाजार खुला झाला, बाहेरच्या गाड्या रस्त्यावर आल्या आणि कारखान्याला माणसं जड व्हायला लागली. बाबांनी स्वेच्छानिवृत्ती घेतली. त्यातली इच्छा कोणाची होती, हे आमच्या घरात कोणी बोललं नाही. पन्नाशीला टेकलेला माणूस बिबवेवाडीतल्या दोन खोल्यांत दिवसभर बसून करणार काय? तीन-चार महिन्यांनी ते दारोदार पाण्याचे फिल्टर विकायला लागले. उभ्या जन्मात ज्यांनी शेजाऱ्याकडे वाटीभर साखर मागितली नव्हती, ते आता बॅग घेऊन सोसायट्यांचे जिने चढत होते.

सुरुवातीला दारं तोंडावर बंद झाली. पुण्यात या कामाला वेळ लागत नाही. 'नकोय' एवढं म्हणतात, तेही फटीतून. मग बाबांनी आपल्या डोक्याने एक रीत बसवली. बेल दाबायच्या आधी चपला काढायच्या आणि भिंतीला लावून ठेवायच्या. दार उघडणाऱ्याला समोर अनवाणी माणूस दिसतो. अनवाणी माणसाच्या तोंडावर दार लावताना हात जरा अडखळतो, तेवढ्यात आपलं पहिलं वाक्य बोलून घ्यायचं. ते वाक्य असं: "खडकवासल्याचं पाणी आता पूर्वीचं राहिलं नाही, ताई." वीस-बावीस वर्षांत त्यांनी आपली भाषा घासूनपुसून पुणेरी केली होती. पण समोरचा नाही म्हणाला की घाबरून त्यांच्या तोंडून गावाकडची बोली निसटायची. "पाहून तर घ्या नं जी," असं ते म्हणायचे आणि स्वतःच लाजायचे.

हे सगळं मला त्यांनीच सांगितलं. मी तेव्हा एका सांजदैनिकात टीव्हीवरच्या जाहिरातींची खिल्ली उडवणारं सदर लिहायचो आणि गणपतीत मंडळांच्या स्टेजवर नकला करायचो. घराघरांत केबल आली होती. टीव्हीची टिंगल करणारे गल्लोगल्ली झाले होते आणि मला स्वतःचं असं काही हवं होतं. म्हणून मी संध्याकाळी बाबांजवळ बसायला लागलो. आज कुठे गेला होता, कोण काय म्हणालं, मग तुम्ही काय म्हणालात, असं विचारायचो. बाबा खुलायचे. कारखान्यातून सुटल्यापासून त्यांना कोणी काही विचारलंच नव्हतं. त्यांनी मला फिल्टरचं आणि साधं पाणी डोळे मिटून चाखणाऱ्या एका गिऱ्हाईक आजोबांची गोष्ट सांगितली. दोन्हींतलं साधं पाणीच आजोबांना जास्त आवडलं होतं. ते बोलत असताना आई भाकऱ्या थापायची थांबायची. त्या वर्षाइतका मी बाबांशी आधी कधी बोललो नव्हतो आणि नंतरही नाही. ते झोपले की मी वहीत टिपून ठेवायचो.

एकपात्री कार्यक्रम उभा राहिला. पहिल्या प्रयोगाला बाबा इस्त्रीचा शर्ट घालून दुसऱ्या रांगेत बसले होते. खिशात फिल्टरची कार्डं होती. मुलाच्या कार्यक्रमात फिल्टरचा विषय आहे, एवढंच त्यांना माहीत होतं. मध्यंतरात चार माणसांना कार्डं देता येतील असा त्यांचा हिशेब. मी रंगमंचावर आलो, हवेतल्या दारासमोर उभा राहिलो, चपला काढल्या आणि भिंतीला लावून ठेवल्या. लोक तिथेच हसले. 'पाहून तर घ्या नं जी' म्हटल्यावर तर लोकांनी नाट्यगृह डोक्यावर घेतलं. मी दुसऱ्या रांगेकडे पाहिलं. बाबाही हसत होते, पण शेजारच्याकडे बघून, त्याच्यापाठोपाठ. मध्यंतरात त्यांनी एकही कार्ड कोणाला दिलं नाही.

परतताना ते स्कूटरवर मागे बसले होते. स्वारगेटच्या सिग्नलला त्यांनी विचारलं, "मी असं बोलतो का रे?"

"नाही हो बाबा," मी म्हणालो. "ते पात्र आहे."

"बरं," ते म्हणाले. मला सुटल्यासारखं वाटलं, हे कबूल करतो.

पुढे त्या पात्राने मला कुठल्या कुठे नेलं. मराठी वाहिन्या सुरू होत होत्या आणि त्यांना दहा-दहा मिनिटांचे तुकडे हवे होते. टीव्हीवरून तो अनवाणी माणूस घरोघर गेला. हिंजवडीच्या कंपन्यांचे वार्षिक कार्यक्रम मिळायला लागले. तिथली मुलं निम्मं इंग्रजी बोलायची, माझे निम्मे विनोद त्यांच्या डोक्यावरून जायचे, पण चपला त्यांना बरोबर कळायच्या. मी माइक हातात घेतला की मागून ओरडा सुरू व्हायचा, "अंकल, चप्पल." त्यांच्यातली बरीचशी अकोला-अमरावतीहूनच आलेली असायची. तीही हसायची. मला बाबांचं दुसऱ्या रांगेतलं हसू आठवायचं आणि मी पुढचं वाक्य घ्यायचो.

एकदा बऱ्याच दिवसांनी घरी गेलो तर दारात नाड्यांचे काळे बूट होते.

"पाहुणे आलेत का?" मी आईला विचारलं.

"तुझ्या बाबांचे आहेत," ती म्हणाली. "चपला घालायच्या सोडल्या त्यांनी. चपला काढल्या की दार उघडणारा हसतो म्हणे. परवा एका घरात पोरांना हाका मारून बोलावलं. टीव्हीवरचा माणूस आलाय, या बघायला, म्हणून."

"मग आता?"

"आता काय? दार उघडल्यावर बूट काढायला घेतात, त्याला वेळ लागतो, तेवढ्यात दार बंद होतं." तिने माझ्यापुढे चहा ठेवला. "खाल्ल्या घरचे वासे मोजलेस तू."

आईने मला त्याआधी आणि त्यानंतरही एवढं कठोर काही ऐकवलं नाही. खरं तर मी त्याच दिवशी ते पात्र बंद करायला हवं होतं. केलं नाही. पुढच्या तारखा दिलेल्या होत्या, वाहिनीशी बोलणं झालं होतं, आणि खरं कारण म्हणजे त्याच्याशिवाय मी कोण हे मला ठाऊक नव्हतं. मी आणखी सहा वर्षं चपला काढत राहिलो. आज यावर मी सबब सांगत नाही, कारण सगळ्या सबबी मी स्वतःला ऐकवून झाल्या आहेत आणि त्यांतली एकही मला पटलेली नाही.

बाबांनी फिल्टरचं काम सोडलं आणि कोपऱ्यावरच्या झेरॉक्सच्या दुकानात बसायला लागले. तिथे लोक त्यांच्या दाराशी यायचे. त्यांनी मला कधी दोष दिला नाही, बोलणं टाकलं नाही, माझा कार्यक्रम टीव्हीवर लागला की चॅनेलही बदललं नाही. फक्त सांगायचं थांबवलं. मी विचारायचो, "काय म्हणतंय दुकान?" ते म्हणायचे, "चाललंय." पाठीचं दुखणं कसं आहे? "बरं आहे." दुसऱ्या कोणाशी ते भरभरून बोलत असले आणि मी आलो, की वाक्य मध्येच सोडून पाण्याला उठायचे.

मग जमाना बदलला. मोबाइलवर हसवणारी नवी पोरं आली. मीही एक चॅनेल काढलं आणि मालिकांची चिरफाड करत बसलो. एका मुलीने खाली लिहिलं होतं, आमच्याकडच्या बोलीवर तुम्ही किती वर्षं जगलात, सर. मी उत्तर लिहायला घेतलं आणि पुसून टाकलं. एव्हाना आई गेली होती. बाबांचं हृदय थकलं होतं आणि त्यांना एकटं ठेवणं शक्य नव्हतं, म्हणून मी बिबवेवाडीच्या त्याच दोन खोल्यांत परत राहायला गेलो.

एका दुपारी फिल्टरची कँडल बदलायला एक बाई आल्या. चाळिशीच्या असतील, खांद्याला हत्यारांची पिशवी. मी औषधं आणायला खाली गेलो होतो. परत आलो तर दार लोटलेलं आणि आतून बाबांचा आवाज. इतका मोकळा आवाज मी कित्येक वर्षांत ऐकला नव्हता. मी जिन्यातच थांबलो.

"आधी चपला, मग बेल," बाबा सांगत होते. "पण एकदा फजिती झाली. धनकवडीत एका दाराबाहेर बऱ्याच चपला होत्या. म्हटलं, पाहुणे असतील, एका दारात चार गिऱ्हाइकं मिळतील. माझ्याही काढून ठेवल्या. बेलची गरजच पडली नाही, दार उघडंच होतं. पाहतो तर घरातला माणूस सकाळी गेलेला. त्यांना वाटलं, मी भेटायलाच आलो. आत घेतलं, सतरंजीवर बसवलं. बॅग मांडीमागे लपवून बसलो नं मी. आता उठू कसा आणि सांगू काय? तेवढ्यात म्हातारी सरकत माझ्याजवळ आली. माझा हात धरला आणि म्हणाली..."

जिन्यात माझ्या हातातली औषधांची पिशवी सळसळली. बाबा थांबले. मी दार ढकलून आत गेलो. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग त्या बाईंना म्हणाले, "तुमचं काम होऊ द्या." बाईंनी कँडल बसवली, पाणी सोडून पाहिलं आणि गेल्या. जाताना दाराबाहेर वाकून त्यांनी चपला घातल्या.

मी बाबांच्या पलंगाशी बसलो. खिशात वही नव्हती. मोबाइलही मी मुद्दाम दुसऱ्या खोलीत ठेवून आलो होतो, तो ठेवताना त्यांना दिसावा अशा बेताने.

"बाबा," मी म्हणालो, "मग ती म्हातारी काय म्हणाली?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. त्यांना सांगावंसं वाटत होतं, हे मला त्यांच्या तोंडावर स्पष्ट दिसत होतं. ओठ एकदा हललेसुद्धा. मग त्यांनी चादर छातीपर्यंत ओढून घेतली.

"काही नाही रे," ते म्हणाले. "ते पात्र आहे."

तीन आठवड्यांनी ते गेले. दिवसभर लोक येत होते, दाराबाहेर चपला साठत होत्या, आणि मी सतरंजीवर बसून येईल त्याचा हात धरत होतो. काय बोलायचं असतं, ते मला माहीत नव्हतं.