मागे न वळणाऱ्या आजी

पोलंडच्या आजींना मागून हाक मारली तर त्या वळत नसत. कान चांगले तिखट होते, पण चालता चालताच त्या म्हणत, "पुढे ये." मग आपण धावत जाऊन समोर उभं राहायचं. क्वीन्सटाउनच्या फ्लॅटमध्ये त्यांच्या शेजारी राहायला आल्यावर पहिले पंधरा दिवस मी त्यांना शिष्ट समजत होते. आमच्यात बाहेर निघालेल्या माणसाला मागून हाक मारत नाहीत, असं एकदा मी त्यांना सांगितलं. "शहाणी माणसं आहात," त्या म्हणाल्या.

त्यांचे यजमान तुआसच्या गोदीत जहाजांचे इंजिनियर होते. ते गेले, तरी आजी इथेच राहिल्या. मायदेशी का जात नाही विचारलं, तर म्हणाल्या, "परत जायचं म्हणजे वळावं लागतं." रोज संध्याकाळी त्या कॉरिडॉरच्या टोकापर्यंत जात, तिथल्या लिफ्टने खाली उतरून दुसऱ्या टोकाच्या लिफ्टने वर येत, आल्या वाटेने परत फिरणं नाही. डावा पाय फरपटत चालत. टप, सर्र. टप, सर्र. त्या आवाजावर मी कुकर लावायची.

आजी लहानपणापासून सिनेमात होत्या, हे माझ्या दहा वर्षांच्या रेवाने मोबाइलवर शोधून काढलं. "आजी, this one you ah? So cute lah!" पडद्यावर बर्फातून आठ वर्षांची मुलगी पाठमोरी चालली होती. डावा पाय फरपटत.

"बूट दोन नंबर मोठे होते," आजी म्हणाल्या. "डायरेक्टर म्हणाला, मी 'कट' म्हणेपर्यंत चालायचं, मागे बघायचं नाही. मी चालले."

'कट' म्हणायच्या आधीच तो तिकडे कॅमेऱ्याशेजारी कोसळला. सगळे त्याच्याकडे धावले आणि पोरीला विसरले. अंधार पडल्यावर एका गाडीवानाने तिला उचलून आणलं.

पुढे आजींनी वीसेक चित्रपट केले. आधी नायिका, मग आई, शेवटी खाष्ट सासू. "तेव्हा कट म्हणालेच असतील की कुणीतरी," मी म्हटलं.

"ते त्या त्या शॉटचं. हा अजून चालू आहे."

मी हसले. रेवा हसली नाही. ती आजींच्या पायांकडे बघत होती. चपला अगदी मापाच्या होत्या.

पुढे आजी आजारी पडल्या. हॉस्पिटलमध्ये त्यांनी माझा हात धरला. "पाय फार दुखतात गं. तू म्हण ना."

"मी काय डायरेक्टर आहे?"

"तो गेला. कुणीतरी म्हणायलाच हवं."

मला भीती वाटली. मी म्हणायचे आणि या जायच्या! "उद्या म्हणते," मी म्हटलं. पहाटे आजी गेल्या.

स्मशानात आम्ही दोघीच होतो. निघताना मागे बघायचं नाही, ही आपली रीत. रेवाचा हात धरून मी बसस्टॉपकडे चालू लागले. टळटळीत दुपार. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं.

टप, सर्र. टप, सर्र.

"आई, you hear or not?"

"वळू नकोस."

आम्ही भरभर चाललो. आवाज तेवढ्याच अंतराने मागे येत राहिला, थकलेला. समोर बघतच मी म्हणाले, "कट." शब्द नीट फुटलाच नाही. मग रडत, ओरडून म्हणाले, "कट! आजी, कट!"

टप.

पुढे काहीच आलं नाही. मी मात्र चालतच राहिले. एक दिवस आधी म्हणायला काय झालं होतं मला?