साडीचं दुसरं टोक
रंगाच्या पाण्याचा वास आला की मंडी मोहल्ल्यातलं आमचं साड्या रंगवायचं अंगण आठवतं. माहितीपट करणारी ती मुलगी कॅमेरा घेऊन आली, तेव्हाच मला संशय आला, की बायको गेलेल्या म्हाताऱ्याला रडवून ही लोकांना दाखवणार. "बायकोचं काही विचारायचं नाही," मी बजावलं. "नाही विचारत आजोबा. साडी तरी रंगवून दाखवा." रंगवली. पिळायला एक टोक धरलं आणि सवयीनं दुसरं समोर फेकलं. तिथं माझी बायको उभी राहायची. टोक मातीत पडलं. "तो कॅमेऱ्याचा डबा बंद कर आधी!" मी ओरडलो. पोरीनं कॅमेरा खाली ठेवला, टोक उचललं. "कुठल्या बाजूला पिळू?" "माझ्या उलट." कॅमेरा खरंच बंद होता का, कोण जाणे. तिची फिल्म आता घरी आलीय, मी अजून लावलेली नाही.